शेवटच्या पानावरचे नाव

(चिखली येथील स्मृती व्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा लिखित पाठ)



आयोजकांनी फोनवर विषय विचारला, तेव्हा मी वीरा साथीदार हे नाव सांगितले. ते म्हणाले, ‘म्हणजे ‘कोर्ट’ पिक्चरमधले शाहीर?’ मी म्हणालो, ‘तेच. पण मला ‘विद्रोही’च्या संपादकावर बोलायचे आहे.’ त्यावर ते सहज बोलून गेले, ‘मग दोघांवरही बोला.’ गेले पंधरा दिवस ते वाक्य माझ्या डोक्यातून गेलेले नाही. कारण ते दोघे नव्हते. पडद्यावरचा नट आणि मासिकाचा संपादक हा एकच माणूस होता. एकाने आयुष्यभर जे केले त्यावरच दुसरा उभा राहिला, असे माझे ठाम मत आहे आणि तेवढेच मला आज मांडायचे आहे.

आधी एका शब्दाचा घोळ निस्तरतो. इंग्रजीत सिनेमा कापून जोडणारा आणि मासिक चालवणारा, दोघांनाही एकच शब्द आहे. मराठीने ते वेगळे ठेवले. फिल्म जुळवतो तो संकलक, मजकूर जुळवतो तो संपादक. ‘कोर्ट’चे संकलन रिखव देसाई यांचे. साथीदार होते ते संपादक. पण कामाचा गाभा पाहिला तर फरक फार नाही. दोघांचेही काम ठरवण्याचे आहे : काय ठेवायचे, काय वगळायचे, कुठे थांबायचे. एका फरकाने मात्र सगळे बदलते. संकलकाने एखादे दृश्य ठेवले म्हणून त्याला सहसा कोणी ठाण्यात बोलावत नाही. संपादकाला बोलावतात.

हे मी ऐकीव सांगत नाही. माझे अर्धे आयुष्य छापखान्याच्या वासात गेले. खिळे जुळवणाऱ्या कंपोझिटरच्या शेजारी बसून मी मुद्रिते तपासायला शिकलो. पुढे काही मित्रांनी मिळून एक अनियतकालिक काढले, त्याचा संपादक मी. वर्गणीदार दोनशेच्या आतबाहेर. अंक आला की घरातली सगळी जमिनीवर बसून कागदाची पट्टी गुंडाळायची, पत्ता लिहायचा, तिकीट लावायचे. एका अंकात एका तरुण मुलाची कविता छापली. गावातल्या पाण्यावर होती, विहिरीवर कोणी यायचे आणि कोणी नाही यावर. महिनाभराने मला एका ठाण्यात बोलावणे आले. चार तास बाकावर बसवून ठेवले. साहेब आले, अंक उघडला, कविता वाचलीच नाही. सरळ शेवटचे पान काढले आणि तळाच्या ओळीवर बोट ठेवले. तिथे माझे नाव होते. ‘हे तुम्हीच ना?’ एवढाच प्रश्न. पुढे काही झाले नाही. मी घरी आलो, जेवलो. पण छापील मजकुरातल्या प्रत्येक ओळीच्या मागे एक माणूस उभा करून ठेवलेला असतो, हे मला त्या दिवशी कळले.

ती ओळ कायद्याने छापावी लागते. 1867 साली इंग्रजांनी छापखाने आणि पुस्तकांच्या नोंदणीचा कायदा केला. मुद्रक कोण, प्रकाशक कोण, आणि पुढच्या दुरुस्तीने संपादक कोण, हे अंकावर छापणे त्या कायद्याने बंधनकारक झाले, आणि ज्याचे नाव छापले त्याने त्या अंकातला मजकूर आपला म्हणून स्वीकारला असे कायदा धरून चालला. स्वातंत्र्य आले, संविधान आले, तरी हा कायदा चालू राहिला. त्याच्या जागी नवा कायदा 2023 मध्ये झाला आणि 1 मार्च 2024 पासून लागू झाला. म्हणजे दीडशेहून अधिक वर्षे मराठीतले प्रत्येक नियतकालिक, केसरी असो, दीनबंधू असो की माझे दोनशे वर्गणीदारांचे अनियतकालिक, त्या एका ओळीवर चालले.

मराठी संपादकांचा इतिहास या ओळीच्या अंगाने वाचला तर वेगळाच दिसतो. टिळक आणि आगरकर 1882 मध्ये कोल्हापूर प्रकरणात छापलेल्या मजकुरापायी डोंगरीच्या तुरुंगात 101 दिवस राहिले. आगरकर आपल्या वऱ्हाडशी जोडलेले. अकोल्यात त्यांचे शिक्षण झाले. शेक्सपिअरच्या ‘हॅम्लेट’चे मराठी रूपांतर ‘विकारविलसित’ त्यांनी तुरुंगातल्या याच दिवसांत हाती घेतले. संपादक तुरुंगात जातो आणि तिथे नाटक लिहायला बसतो, हा योगायोग मला फार मोलाचा वाटतो. दुसरे उदाहरण ‘मूकनायक’चे. 31 जानेवारी 1920 ला पहिला अंक निघाला. पत्र बाबासाहेबांचे, पण संपादक म्हणून नाव पांडुरंग नंदराम भटकर यांचे. भटकरांचे नाव आज किती जणांना सांगता येते? ज्यांनी नाव देऊ केले, त्यांची नावे आपण सर्वांत आधी विसरतो.

आपल्या चिखलीचा उल्लेख केल्याशिवाय मला पुढे जाता येणार नाही. जोतीराव फुल्यांचे मराठीतले पहिले चरित्र 1927 मध्ये प्रसिद्ध झाले, आणि ते लिहिले बुलढाणा जिल्ह्याच्या पंढरीनाथ पाटलांनी. चरित्रावर गावाचे नाव आहे चिखली. पुण्या-मुंबईत भरपूर छापखाने होते, फुले पुण्याचेच होते, तरी त्यांचे आयुष्य पुस्तकात बांधण्याचे काम या कापसाच्या मुलखातल्या एका माणसाला करावे लागले. तालुक्याच्या गावातून निघणाऱ्या कागदाला कमी लेखू नका, असे, ज्यांच्या स्मृतीसाठी ही व्याख्यानमाला आहे ते आमचे सर वर्गात नेहमी सांगायचे. ते हेच पुस्तक डोळ्यांपुढे ठेवून सांगत असावेत.

आता वीरा साथीदारांकडे येतो. विदर्भातल्या कष्टकरी दलित घरातला हा माणूस. नागपूर ही त्यांची कर्मभूमी. 14 ऑक्टोबर 1956 चे धम्मदीक्षेचे नागपूर, गिरण्यांचे नागपूर, वस्त्या-वस्त्यांत बुद्धविहार आणि अभ्यासमंडळे असलेले नागपूर. आंबेडकरी आणि डाव्या विचारांच्या कार्यकर्त्यांत त्यांची हयात गेली. लिहिणे, गाणे, सभा, मोर्चा, आणि ‘विद्रोही’ हे मासिक. त्यांचे आडनावही पाहा. शाहीर डफावर थाप मारून पुढे होतो तेव्हा मागे झील धरणाऱ्यांना आपण साथीदार म्हणतो. शाहिराचा श्वास संपतो तिथे साथीदाराचा सुरू होतो. या आडनावाचा माणूस शाहिराची भूमिका करायला पडद्यावर यावा, हे एखाद्या लेखकाने रचले असते तर आपण त्याला जास्तच जुळवून आणले म्हणालो असतो.

‘विद्रोही’ने किंमत मोजलेली आहे. त्याचे संपादक राहिलेले सुधीर ढवळे यांना जानेवारी 2011 मध्ये वर्ध्यात अटक झाली. मे 2014 मध्ये गोंदियाच्या न्यायालयाने त्यांना निर्दोष सोडले. मधली तीन वर्षे आणि काही महिने तुरुंगात गेले. ते महिने परत देणारे कलम कुठल्याच कायद्यात नाही. अशा मासिकाच्या शेवटच्या पानावर संपादक म्हणून आपले नाव छापू देणे म्हणजे काय, हे त्या बाकावर फक्त चार तास बसलेल्या मला थोडेसे समजते.

मे 2014 मध्ये ही सुटका झाली आणि त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये चैतन्य ताम्हाणे या सत्तावीस वर्षांच्या दिग्दर्शकाचा पहिला चित्रपट व्हेनिसच्या महोत्सवात दाखवला गेला. ‘कोर्ट’ला तिथे ओरिझोंती विभागात सर्वोत्तम चित्रपटाचा आणि पहिल्या चित्रपटासाठीचा असे दोन सन्मान मिळाले. निर्माते विवेक गोंबर, तेच चित्रपटात आरोपीचे वकील विनय व्होरा. सरकारी वकील गीतांजली कुलकर्णी, न्यायाधीश प्रदीप जोशी, गाणी संभाजी भगत यांची. आणि आरोपी, लोकशाहीर नारायण कांबळे, म्हणजे वीरा साथीदार. मोठी कंपनी मागे नाही, नट नावाजलेले नाहीत. पुढच्या वर्षी राष्ट्रीय पुरस्कारांत सुवर्णकमळ, 17 एप्रिल 2015 ला चित्रपटगृहांत प्रदर्शन, नंतर ऑस्करसाठी भारताची निवड.

मी तो पुण्यात पाहिला, मुलीकडे गेलो होतो तेव्हा. चित्रपट सुरू होतो तेव्हा कांबळे शिकवणीची मुले घेऊन बसलेले आहेत. मग बाहेर पडतात, बसने जातात, मैदानावरच्या स्टेजवर चढतात, गातात. गाणे चालू असताना पोलीस येतात. आरोप असा की त्यांच्या गाण्याने एका सफाई कामगाराला गटारात उतरून जीव द्यायला प्रवृत्त केले. कामगार मेला आहे, गाणे गायले गेले की नाही याचे साक्षीदार ठरलेले आहेत, आणि तारखा सुरू होतात.

लोक साथीदारांविषयी सरसकट एक वाक्य बोलतात : ‘त्यांनी अभिनय केलाच नाही, ते स्वतःच होते.’ कौतुकाने बोलतात, पण मला हे वाक्य पटत नाही. ते त्यांच्यावर अन्याय करते. कांबळे म्हणजे साथीदार नव्हेत. साथीदारांची भाषणे ऐकलेल्यांना माहीत आहे की हा बोलणारा माणूस होता, वाद घालणारा, तपशिलात जाणारा. कांबळे चित्रपटाच्या मोठ्या भागात गप्प आहेत. आरोपीच्या जागी उभे आहेत, कोणी विचारले तर थोडक्या शब्दांत उत्तर देतात आणि पुन्हा गप्प. सरकारी वकील इंग्रजीतली कलमे एका दमात वाचत जातात, जुन्या इंग्रजी कायद्यांचे शब्द हवेत तरंगतात, आणि ज्याच्याविषयी हे सगळे चालले आहे तो माणूस कोपऱ्यात. गीतांजली कुलकर्णी राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शिकलेल्या, रंगभूमीवर तयार झालेल्या नटी. त्यांच्यासमोर, त्याच चौकटीत, तेवढ्याच ताकदीने गप्प उभे राहणे हे सोपे काम नाही. नवखा माणूस कॅमेऱ्यासमोर आला की काहीतरी करून दाखवायला बघतो. साथीदारांनी काही करून दाखवले नाही. प्रेक्षकाची नजर आपल्यावरून वकिलावर, न्यायाधीशावर, कारकुनावर जाऊ दिली.

ही शिस्त कुठून आली? माझे उत्तर आहे, संपादनातून. चांगला संपादक स्वतःचे वाक्य अंकात घुसडत नाही. दुसऱ्याचे वाक्य उभे राहावे म्हणून स्वतः मागे सरकतो, आणि तरी अंक त्याचाच असतो. कांबळे पडद्यावर थोडेच दिसतात. चित्रपट त्यांना सोडून सरकारी वकिलाबाईंबरोबर लोकलने घरी जातो, व्होरांबरोबर दुकानात आणि आई-वडिलांच्या घरी जातो, न्यायाधीशांबरोबर सहलीला जातो. एवढे सगळे पाहून आपण बाहेर पडतो तेव्हा डोक्यात राहतात ते कांबळेच. मुख्य भूमिकेत असूनही चित्रपटाची जागा इतरांना देणारा नट मी मराठीत फारसा पाहिलेला नाही.

एका दृश्याविषयी मला अधिक बोलायचे आहे. जामिनावर सुटल्यावर कांबळे आपल्या नव्या छपाईच्या कामात आहेत, छापखान्यात. पोलीस येतात आणि दुसऱ्यांदा अटक करतात, या वेळी बेकायदेशीर कृत्ये प्रतिबंधक कायद्याखाली. पहिली अटक स्टेजवरून झाली होती, ही छापखान्यातून. मी थिएटरात खुर्चीच्या दांडीला धरून बसलो होतो. कागदांच्या थप्प्या, शाईने काळे झालेले कोपरे, ती जागा मला पाठ होती. आणि पडद्यावर जो माणूस कागदाजवळ उभा होता त्यालाही पाठ होती. अभिनय शिकवणाऱ्या कुठल्याही संस्थेत हे शिकवत नाहीत. छापून आलेला कागद माणूस कसा हातात घेतो, हे ज्याने वर्षानुवर्षे घेतला त्यालाच येते.

ही दुसरी अटक ज्या कायद्याखाली झाली त्याविषयी एक गोष्ट ध्यानात ठेवा. 2008 च्या दुरुस्तीने त्यात असे कलम आले की आरोप प्रथमदर्शनी खरे वाटत असतील तर न्यायालयाला जामीन देता येत नाही. म्हणजे खटला चालून निकाल लागण्याआधीच कितीतरी वर्षे निघून जातात. चित्रपटात न्यायालयाला उन्हाळ्याची सुट्टी लागते, दिवे एकेक करून बंद होतात आणि खोली काळोखात जाते. आपल्याला वाटते, संपले. संपत नाही. पुढे न्यायाधीश सहलीच्या बसमध्ये आहेत. आणि कांबळे आत आहेत, दुखणाईत. तो काळोख दाखवून थांबला असता तर चित्रपट चांगला ठरला असता. थांबला नाही म्हणून तो मोठा झाला.

मेलेल्या सफाई कामगाराचा विसर पडू नये म्हणून आणखी एक सांगतो. हाताने मैला उचलण्याची प्रथा बंद करणारा कायदा 2013 मध्ये झाला. 27 मार्च 2014 ला सर्वोच्च न्यायालयाने गटारात मेलेल्यांच्या कुटुंबांना दहा लाख रुपये देण्याचा आदेश दिला आणि 2023 मध्ये ती रक्कम तीस लाख केली. रक्कम वाढली, कामगार अजून उतरतातच. ‘कोर्ट’मध्ये त्या मृत्यूची चौकशी कोणीही करत नाही, चौकशी गाण्याची होते. साथीदारांसारख्या माणसाने तो चित्रपट का केला असेल, याचे उत्तर मला तिथे सापडते.

साथीदारांच्या या कामाचा एक धागा शाहिरीतही आहे. भीमराव कर्डकांचे आंबेडकरी जलसे, वामनदादा कर्डक, अण्णा भाऊ साठे, अमर शेख. आणि विलास घोगरे. मुंबईच्या रमाबाई नगरात 11 जुलै 1997 ला गोळीबार झाला, दहा माणसे मेली, आणि चारच दिवसांनी घोगरेंनी आपल्या घरात गळफास घेतला. आनंद पटवर्धनांनी ‘जय भीम कॉम्रेड’ या माहितीपटात ही गोष्ट चौदा वर्षांनी जगापुढे आणली. ‘कोर्ट’ पाहताना मला घोगरेंची सतत आठवण येत होती. शाहिराच्या गाण्याने माणूस मरतो की नाही यावर पडद्यावर न्यायालयात वाद चालला होता, आणि ज्या दुःखाने शाहीर स्वतः मेला त्याची फिर्याद कुठल्याच न्यायालयात उभी राहिलेली नाही.

दुसरा धागा संपादकांच्या सिनेमाचा. आचार्य अत्र्यांनी ‘नवयुग’ आणि ‘मराठा’ चालवले आणि ‘श्यामची आई’ केला, ज्याला पहिले राष्ट्रपती सुवर्णपदक मिळाले. संपादक आणि सिनेमा यांचे नाते मराठीला नवे नाही. पण अत्रे कॅमेऱ्याच्या मागे होते. साथीदार समोर उभे राहिले, आरोपी म्हणून. पडद्यावरची त्यांची ओळख या एका चित्रपटाची. एवढ्याच कारकिर्दीवर व्याख्यान कशाला, असे कोणाला वाटत असेल तर मी नम्रपणे सांगतो, मला तीनशे चित्रपट केलेल्या पुष्कळ नटांवर एक तास बोलता येणार नाही.

13 एप्रिल 2021 ला, करोनाच्या दुसऱ्या लाटेत, नागपुरात साथीदार गेले. दुसऱ्या दिवशी बाबासाहेबांची जयंती होती. त्या वर्षी मिरवणुका नव्हत्या, डफ नव्हते, घराघरांतून लोकांनी फोटोला हार घातले. बातम्यांत ‘कोर्ट’चे अभिनेते असे आले. काही ठिकाणी शेवटच्या परिच्छेदात ‘विद्रोही’चे संपादक असेही आले.

सर गेल्यावर त्यांच्या घरचे कपाट आवरायला मी गेलो होतो. त्यात लहान लहान नियतकालिकांचे अंक होते. जालन्याचे, अकोल्याचे, नागपूरचे, कितीतरी बंद पडलेल्यांचे. सरांनी एकेका अंकावर पेन्सिलीने मिळाल्याची तारीख लिहिली होती. सरांच्या मुलाने ते सगळे आपल्या तालुका वाचनालयाला दिले, याबद्दल आज सर्वांसमोर मी त्याचे आभार मानतो. माझी तुम्हा सर्वांना एकच विनंती आहे. तुमच्या माळ्यावर, ट्रंकेत, कपाटाच्या तळाशी असे अंक असतील. ‘विद्रोही’चे असतील, ‘अस्मितादर्श’चे असतील, गावातल्या एखाद्या मुलाने काढलेल्या आणि दोन अंकांत बंद पडलेल्या मासिकाचे असतील. रद्दीवाला आला म्हणून देऊ नका. येत्या महिन्यात ते वाचनालयात आणून द्या. मुखपृष्ठ फाटले असेल तर चालेल, वाळवी लागली असेल तरी आम्ही बघून घेऊ. शेवटचे पान मात्र सांभाळून आणा.